येशू एकच, मग कॅथलिक आणि प्रोटेस्टंट यांच्यात एवढं अंतर का? घरात लग्न आहे, जरा सविस्तर सांगा

ऐरोलीची_लेक

नमस्कार मंडळी. लांबलचक लिहितेय, पण घरातला विषय आहे म्हणून सगळंच सांगावं लागेल. आम्ही मूळचे नगर जिल्ह्यातले, चार पिढ्यांपासून प्रोटेस्टंट, माझे पणजोबा अमेरिकन मराठी मिशनच्या शाळेत शिकले आणि तिथेच मास्तर झाले. आता आम्ही ऐरोलीत राहतो, सीएनआयच्या (चर्च ऑफ नॉर्थ इंडियाच्या) मंडळीत जातो. माझ्या भाचीचं लग्न ठरतंय. मुलगा ठाण्याचा, ईस्ट इंडियन म्हणजे मुंबई-ठाण्याकडच्या मूळच्या ख्रिस्ती समाजातला, कॅथलिक. दोघं घणसोलीला एकाच कंपनीत आहेत. मुलगा गुणी आहे, घरात सगळे मराठीच बोलतात, आम्ही जाऊन आलो तर त्याच्या आईने पोटभर फुगिया खायला घातल्या, बरोबर डबाही दिला, म्हणजे नाव ठेवायला काही जागाच नाही.

पण माझी आई, वय ८१, तिने जे तोंड फिरवलंय ते फिरवलंय. परवा म्हणाली, "हिंदू मुलगा आणला असता तरी मी इतकं बोलले नसते." हे ऐकून आम्ही सगळे गप्प झालो. कारण विचारलं तर सांगत नाही, फक्त "ते वेगळे, आपण वेगळे" एवढंच. भाची मला विचारते मावशी असं काय झालं होतं गं यांच्यात, आणि मला खरंच धड सांगता येत नाही. शाळेत मार्टिन ल्यूथर, ९५ कलमं, धर्मसुधारणा एवढं पाठ केलं होतं, परीक्षेत लिहिलं आणि विसरले. ते मेरीला मानतात, आम्ही तिच्याकडे प्रार्थना करत नाही, त्यांना पोप आहे, आम्हाला नाही, त्यांचे फादर लग्न करत नाहीत, आमचे पाळक करतात, हे फरक माहीत आहेत. पण एवढ्यासाठी माणसं एकमेकांना जाळत होती का? हे भांडण धर्माचं होतं का राजकारणाचं? आणि युरोपातलं भांडण आमच्या नगरच्या आणि ठाण्याच्या घरात कसं येऊन बसलं? ज्यांना माहिती आहे त्यांनी सांगा, शांतपणे सांगा एवढीच विनंती.

निवृत्त_मास्तर

ताई, मी ठाण्यात ३१ वर्षं इतिहास शिकवला. मी स्वतः ख्रिस्ती नाही, पण हा धडा दरवर्षी शिकवताना मला अपुरा वाटायचा. पाठ्यपुस्तकात दीड पान असतं आणि त्यात एक चिडलेला साधू दारावर कागद ठोकतो, झालं. मुलांना वाटतं एका माणसाच्या रागातून चर्च फुटलं.

पैशापासून बघा म्हणजे पटकन कळेल. जर्मनीत आल्ब्रेख्ट नावाचा एक सरदार घराण्यातला तरुण, त्याला माइन्त्सचं आर्चबिशपपद हवं होतं. त्याच्याकडे आधीच दुसरी पदं होती, वय कमी होतं, म्हणून रोमला भरपूर पैसे भरावे लागणार होते. ते त्याने फुगर या सावकारी पेढीकडून कर्जाने घेतले. मग कर्ज फेडायचं कसं, तर पोप दहावे लिओ यांनी त्याच्या मुलखात पापमुक्तीची पत्रं विकायला परवानगी दिली, निम्मे पैसे रोमच्या सेंट पीटर चर्चच्या बांधकामाला आणि निम्मे फुगरांच्या कर्जाला. गावोगाव जाऊन ही पत्रं खपवणारा माणूस म्हणजे टेट्झेल. मेलेल्या आईबापांसाठी घ्या, त्यांची सुटका होईल, असं सांगून गरिबाकडूनही पैसे काढत होते. विटेनबर्गचा प्राध्यापक मार्टिन ल्यूथर हे बघून उखडला, आणि ३१ ऑक्टोबर १५१७ ला त्याने आपली ९५ कलमं थेट या आल्ब्रेख्टकडेच पाठवली.

आता हे सगळं दाबलं गेलं असतं. त्याच्या १०० वर्षं आधी बोहेमियात यान हुसने असंच काहीसं म्हटलं होतं, त्याला १४१५ मध्ये जिवंत जाळलं आणि विषय संपवायचा प्रयत्न झाला. ल्यूथर वाचला कारण त्याचा राजा, सॅक्सनीचा फ्रेडरिक, त्याच्या पाठीशी उभा राहिला. १५२१ मध्ये वर्म्सच्या सभेत सम्राट पाचव्या चार्ल्ससमोर ल्यूथरने शब्द मागे घ्यायला नकार दिला, तेव्हा फ्रेडरिकने त्याला वार्टबुर्गच्या किल्ल्यात लपवलं, आणि तिथे बसून त्याने नवा करार जर्मनमध्ये आणला. छापखाना होताच. शेतकऱ्याच्या बोलीतलं पुस्तक गावोगाव पोचलं.

आणि राजे का उभे राहिले? काहींना खरंच पटलं होतं, पण त्याचबरोबर मठांच्या जमिनी होत्या, रोमला जाणारा पैसा होता, सम्राटाचा वरचष्मा होता. प्रोटेस्टंट हा शब्दच बघा ना, तो चर्चमधून आलेलाच नाही. १५२९ मध्ये स्पायरच्या सभेत ६ राजांनी आणि १४ शहरांनी सम्राटाच्या बाजूने झालेल्या ठरावाविरुद्ध लेखी निषेध नोंदवला, त्या निषेधावरून ते नाव पडलं. पुढे १५५५ मध्ये आउग्सबुर्गला तह झाला, त्याचा सार आपल्याकडच्या भाषेत सांगायचा तर यथा राजा तथा प्रजा. राजा ल्यूथरचा तर रयत ल्यूथरची, राजा कॅथलिक तर रयत कॅथलिक, नसेल पटत तर घरदार विकून दुसऱ्या मुलखात जा. रयतेला कुणी विचारलं नाही. नदीच्या अलीकडचं गाव एका पंथाचं आणि पलीकडचं दुसऱ्या, हे त्यातून झालं.

त्यानंतरची १०० वर्षं मी मुलांना शिकवताना आवाज खाली करायचो. फ्रान्समध्ये २४ ऑगस्ट १५७२ ला पॅरिसमध्ये प्रोटेस्टंटांची कत्तल सुरू झाली, ती इतर शहरांत पसरली, आणि निमित्त काय तर एका राजघराण्यातल्या लग्नासाठी दोन्हीकडची माणसं शहरात जमली होती. ताई, लग्नच होतं ते, कॅथलिक वधू आणि प्रोटेस्टंट वर. तो वर पुढे राजा झाला, चौथा हेन्री, त्याने स्वतः कॅथलिक होऊन १५९८ मध्ये नांतचा हुकूम काढला आणि प्रोटेस्टंटांना जगायची मुभा दिली. त्याच्या नातवाने, चौदाव्या लुईने, १६८५ मध्ये ती काढून घेतली. मध्ये १६१८ ते १६४८ जर्मनीत तीस वर्षांचं युद्ध, त्यात कॅथलिक फ्रान्सचा कारभार बघणारा रिशेल्यू, जो स्वतः कार्डिनल म्हणजे पोपच्या खालोखालचा धर्माधिकारी, तो प्रोटेस्टंट स्वीडनला पैसा पुरवत होता कारण त्याला कॅथलिक हॅब्सबर्ग घराणं मोडायचं होतं. इथे धर्म कुठे संपला आणि राजकारण कुठे सुरू झालं हे मला आजही रेघ मारून दाखवता येणार नाही.

खारघर_किरण

सर मस्त लिहिलंत. म्हणजे थोडक्यात धर्म फक्त निमित्त, सगळं सत्तेसाठीच होतं असंच ना?

निवृत्त_मास्तर

नाही किरण, असं मी म्हणणार नाही, आणि ताईंच्या आईसमोर तर मुळीच नाही. इंग्लंडचंच घ्या. आठव्या हेन्रीला राणी कॅथरीनपासून मोकळं व्हायचं होतं, मुलगा हवा होता, पोप परवानगी देईनात कारण राणीचा भाचा सम्राट पाचवा चार्ल्स. म्हणून १५३४ मध्ये हेन्रीने कायदा करून स्वतःलाच इंग्लंडच्या चर्चचा प्रमुख केलं. ही झाली सत्ता. पण त्याचा स्वतःचा माजी चॅन्सेलर (वरिष्ठ मंत्री) थॉमस मोर याने ते मान्य केलं नाही आणि १५३५ मध्ये मान दिली. एक शब्द बोलला असता तर सुटला असता. मग हेन्रीची मुलगी मेरी गादीवर आली, ती कॅथलिक, तिच्या ५ वर्षांत २८० च्या आसपास प्रोटेस्टंट जाळले गेले, त्यात बिशप होते तसे विणकर होते, साध्या बायका होत्या. मग एलिझाबेथ आली, पोपने १५७० मध्ये तिला बहिष्कृत केलं, म्हणजे इंग्लंडमधला प्रत्येक कॅथलिक एका रात्रीत संशयित देशद्रोही, आणि मग एडमंड कॅम्पियनसारखे जेझुइट, म्हणजे त्या कॅथलिक संघाचे पाद्री, फासावर. या विणकराला आणि या पाद्र्याला कुठली सत्ता मिळणार होती? त्यांच्यासाठी तो विश्वासच होता.

याच काळातून एक माणूस आपल्याकडे आला, त्याचं सांगितल्याशिवाय मला राहवत नाही. थॉमस स्टीफन्स, इंग्लंडच्या विल्टशरचा. कॅथलिक म्हणून स्वतःच्या देशात राहणं धोक्याचं, जिवलग मित्र थॉमस पाउंड तुरुंगात पडलेला. हा रोमला जाऊन जेझुइट झाला, १५७९ मध्ये लिस्बनहून जहाजात बसला आणि गोव्यात उतरला, परत कधी गेला नाही. तो इथली भाषा शिकला, आणि १६१६ मध्ये त्याचं क्रिस्तपुराण रायतूरला छापलं गेलं, ११ हजारांच्या आसपास ओव्या, आपल्या संतांच्या वळणाच्या मराठीत. मराठीचं कौतुक करणाऱ्या त्याच्या ओव्या मी वर्गात म्हणायचो तेव्हा मागच्या बाकावरची मुलंसुद्धा मान वर करायची. इंग्लंडमध्ये ते भांडण झालं नसतं तर हा माणूस तिथेच कुठे तरी पाद्री होऊन गेला असता.

तलावपाळी

मी ठाण्याचा, ईस्ट इंडियन, कॅथलिक, म्हणजे या प्रश्नात समोरच्या बाजूचा. मास्तरांनी छान लिहिलं, एक दुरुस्ती फक्त. ती पत्रं म्हणजे पापाची माफी नव्हे. आमच्या शिकवणीत पापाची माफी कन्फेशनमध्ये मिळते, ही पत्रं माफीनंतर उरलेल्या शिक्षेतली सूट. पण गावोगाव विकताना हा फरक कुणी सांगत नव्हतं आणि धंदा झाला होता हे खरं आहे, नंतर ट्रेंटच्या परिषदेत, म्हणजे १५४५ ते १५६३, चर्चनेच त्यावर बंधन आणलं. आमच्या लोकांनी हे मोकळेपणाने मान्य करायला हवं असं मला वाटतं.

आता ताईंचा शेवटचा प्रश्न, हे ठाण्यात कसं आलं. ठाण्यात ख्रिस्ती लोक हे भांडण सुरू होण्याआधीपासून आहेत. १३२१ मध्ये इथे ४ फ्रान्सिस्कन साधू मारले गेले, त्यांच्याबरोबर आलेल्या फ्रायर जॉर्डानसने त्यांना पुरलं. तेव्हा ल्यूथरच्या जन्मालाही दीडशेवर वर्षं बाकी होती, कॅथलिक प्रोटेस्टंट असं काही नव्हतंच. मग पोर्तुगीज आले. वसईचा तह डिसेंबर १५३४ चा, गुजरातच्या बहादूरशहाने वसई, साष्टी, मुंबईची बेटं त्यांना दिली. मास्तरांनी हेन्रीचा कायदा सांगितला ना, तोही १५३४ चाच, महिन्याभराच्या अंतराने. तिकडे इंग्लंड पोपपासून तुटलं आणि इकडे आमची गावं पोपकडे गेली. माझ्या पूर्वजांनी ल्यूथरचं म्हणणं वाचून त्याला नाही म्हटलं असं काही झालेलं नाही. पोर्तुगालचं जहाज आलं म्हणून आम्ही कॅथलिक, तुमच्या नगरला अमेरिकन आले म्हणून तुम्ही प्रोटेस्टंट. अमेरिकन मिशनचे गॉर्डन हॉल १८१३ मध्ये मुंबईला उतरले, नगरचं काम १८३१ पासूनचं. ३०० वर्षांचं अंतर आहे दोघांत, आणि दोन वेगळी बंदरं.

पुढची गोष्ट तर आणखी गुंतागुंतीची. मुंबई इंग्रजांना कशी मिळाली सगळ्यांना माहीत आहे, हुंड्यात. पण ती वधू, ब्रागांझाची कॅथरीन, कॅथलिक होती आणि वर दुसरा चार्ल्स प्रोटेस्टंट देशाचा राजा. त्या १६६१ च्या तहात इथल्या कॅथलिकांना आपला धर्म पाळता येईल असं कलम घातलेलं होतं. तिकडे लंडनमध्ये त्या बिचाऱ्या राणीवर १६७८ मध्ये राजाला विष घालायच्या कटाचा आरोप झाला, तो टायटस ओट्स नावाच्या माणसाने रचलेला खोटा होता, पण त्या खोट्यावर कितीतरी कॅथलिक फाशी गेले. इकडे मुंबईत मात्र चर्चच्या घंटा वाजत होत्या.

ईस्ट इंडिया कंपनीला कॅथलिक नकोसे नव्हते, पोर्तुगीज पाद्री नको होते, कारण ते गोव्याचं ऐकतील ही भीती. १७२० मध्ये गव्हर्नर बूनने पोर्तुगीज फ्रान्सिस्कनांना मुंबईतून काढलं आणि रोमच्या हाताखालचे कार्मेलाइट साधू आणले. म्हणजे प्रोटेस्टंट कंपनीने ठरवलं की कॅथलिकांचा पाद्री कोण. त्यातून आमच्यातच दोन तट पडले, पोर्तुगालच्या राजाचे ते पाद्रोआदोवाले आणि थेट रोमचे ते प्रोपागांडावाले. एकाच शहरात कॅथलिकांच्या दोन वेगळ्या हद्दी, हे भांडण थेट १९२८ पर्यंत चाललं. माझे आजोबा सांगायचे की सोयरीक जुळवताना चर्च कुणाकडचं हेही विचारलं जायचं. दोन्हीकडे मिस्सा म्हणजे उपासना तीच, लॅटिनही तेच, तरी.

ठाणं १७३७ मध्ये मराठ्यांनी घेतलं, १७३९ मध्ये वसई पडली, पोर्तुगीज गेले पण आमची माणसं आणि चर्चं राहिली. १७७४ मध्ये ठाण्याचा किल्ला इंग्रजांकडे गेला. मग इंग्रजांचं स्वतःचं सेंट जेम्स चर्च झालं, १८२५ मध्ये बिशप हेबर येऊन त्याची प्रतिष्ठापना करून गेले, ते आता तुमच्या सीएनआयचं आहे. तलावाकाठचं आमचं सेंट जॉन द बॅप्टिस्ट पोर्तुगीज काळातलं. लहानपणी मी दोन्हींवरून शाळेत जायचो, आणि आम्हाला एकच सांगितलेलं, त्या दुसऱ्यात आपण जायचं नाही. का ते कुणी सांगितलं नाही. मीही विचारलं नाही, आणि हे मला आता खटकतं.

इंजिनरूम

नेरूळ. मी ख्रिस्ती नाही, मर्चंट नेव्हीत इंजिनिअर आहे. इतिहास मास्तरांइतका माहीत नाही, पण एक बघितलंय ते सांगतो. २००९ च्या जुलैत आमचं जहाज उत्तर आयर्लंडमधल्या बेलफास्टला ड्रायडॉकला होतं, ३ आठवडे. सुट्टीच्या दिवशी चालत फिरलो. एका वस्तीत शिरलो तर फुटपाथच्या कडेचे दगड लाल पांढरे निळे रंगवलेले, थोडं पुढे गेलो तर हिरवे पांढरे केशरी. आमच्याबरोबरच्या तिथल्या वेल्डरने सांगितलं की दगडाचा रंग बघून कळतं तू कुणाच्या गल्लीत आहेस. शँकिल रोड प्रोटेस्टंटांचा, फॉल्स रोड कॅथलिकांचा, आणि दोघांच्या मध्ये भिंत, आपल्या दोन तीन मजल्यांएवढी उंच, वर जाळी. भिंतीत दारं आहेत आणि ती रात्री बंद होतात. मी हात लावून बघितला त्या पत्र्याला. शांतता करार होऊन ११ वर्षं झाली होती तेव्हा आणि तरी दार रात्री बंद होत होतं.

११ जुलैच्या रात्री लाकडी पॅलेट्स रचून इमारतीएवढ्या होळ्या पेटवतात, १६९० च्या बॉइनच्या लढाईत प्रोटेस्टंट राजा ऑरेंजचा विल्यम जिंकला म्हणून. तीनशेपेक्षा जास्त वर्षं झाली. वेल्डर म्हणाला आम्ही एकमेकांना धर्म विचारत नाही, शाळा कुठली ते विचारतो, त्यावरून कळतं. इंग्रजी एच अक्षराचा उच्चार कसा करतो त्यावरूनही कळतं म्हणे. आणि तिथे पोप, मेरी, प्रभुभोजन (चर्चमधला भाकर आणि द्राक्षारसाचा विधी) यावर वाद घालताना मी कुणाला ऐकलं नाही. वेल्डर सगळं घरांबद्दल आणि नोकऱ्यांबद्दल सांगत होता. १६०९ पासून स्कॉटलंड आणि इंग्लंडमधून प्रोटेस्टंट आणून अल्स्टरमध्ये, म्हणजे आयर्लंडच्या उत्तर भागात, वसवले, जमीन आयरिश कॅथलिकांची काढून घेतली, तिथून सुरुवात. १९६० च्या दशकात स्थानिक निवडणुकीत मत घर असलेल्यालाच, मग कौन्सिल घर कुणाला देतं यावर मतं ठरणार, म्हणून कॅथलिकांना घरं द्यायची नाहीत. १९६८ मध्ये कॅलेडन गावात मुलंबाळं असलेली कॅथलिक कुटुंबं रांगेत असताना एका १९ वर्षांच्या अविवाहित प्रोटेस्टंट मुलीला घर दिलं, ऑस्टिन करी नावाचा आमदार त्या घरात जाऊन बसला, पोलिसांनी ओढून काढला, आणि तिथून आंदोलन पेटलं. घराच्या वाटपात आपला नंबर डावलला की काय वाटतं हे आपल्याकडे कुणाला सांगायला नको. पुढे ३० वर्षं बॉम्ब आणि गोळ्या, साडेतीन हजारांच्या आसपास माणसं गेली, १० एप्रिल १९९८ ला करार झाला तेव्हा थांबलं.

ताई, तुमच्या आईंचं वय बघता नुसत्या शिकवणीवरून त्या एवढ्या दुखावल्या असतील असं मला वाटत नाही. काहीतरी घडलेलं असणार. शांतपणे विचारून बघा.

ऐरोलीची_लेक

सगळ्यांचे खूप आभार. इंजिनरूम दादा, तुम्ही लिहिलंत ते वाचून मी काल रात्री आईजवळ बसले. पाय चेपत होते तिचे. म्हटलं, आई तुला कोणी काही बोललं होतं का गं. बराच वेळ गप्प होती.

मग सांगितलं. माझी मोठी मावशी १९६४ मध्ये एका कॅथलिक मुलाशी लग्न करून गेली, मुंबईकडच्या एका गावी. मावशी आता नाही. आई तेव्हा २० ची, बहिणीबरोबर तीच पाठराखीण म्हणून गेली होती. लग्नाआधी मावशीकडून कागदावर सही घेतली की सगळी मुलं कॅथलिकच वाढवीन. आजोबा मास्तर माणूस, ते कागद वाचून हातात धरून बसून राहिले. आणि लग्न वेदीसमोर लागलंच नाही, चर्चच्या बाजूला फादरांची वस्त्रं ठेवायची खोली असते, तिथे कपाटासमोर उभं करून लावलं. आई म्हणाली, "दारात छत्र्या ठेवल्या होत्या. माझी बहीण पांढऱ्या साडीत त्या छत्र्यांशेजारी उभी होती."

पुढच्या रविवारी आई मावशीच्या सासरच्यांबरोबर मिस्सेला गेली. सगळे पुढे जाऊन कठड्यापाशी गुडघे टेकायला लागले तशी तीही गेली, तिला वाटलं प्रभुभोजन म्हणजे प्रभुभोजन. फादर एकेकाच्या जिभेवर भाकर ठेवत येत होते. आईपाशी आले, तिला ओळखलं, थांबले, आणि पुढच्या बाईकडे गेले. आईचे डोळे मिटलेले, तोंड उघडं, तिला कळायलाही वेळ लागला. मग सगळे उठले तेव्हा तीही उठून जागेवर आली. हे तिने आम्हाला कधीच सांगितलं नव्हतं, बाबांनाही नाही. मला म्हणाली, "मी बाप्तिस्मा घेतलेली, कन्फर्मेशन झालेली, मी काय चोर होते का?"

मला काही बोलता आलं नाही. तलावपाळी दादा, तुम्हाला विचारते, हे असं का होतं, आणि आताही असंच आहे का?

तलावपाळी

ताई, तुमचं वाचून मी बराच वेळ फोन खाली ठेवला. आईंना माझा नमस्कार सांगा. जे झालं त्याबद्दल मला वाईट वाटतं, नियम होता हे म्हणून ते कमी होत नाही.

पण नियम काय होता तेही सांगतो, कारण आईंनी विचारलंय. तो फादर मनाने कसा होता मला माहीत नाही, पण त्या काळात त्याच्या हातात फार नव्हतं. ट्रेंटच्या परिषदेने १५६३ मध्ये ठरवलं की लग्न पाद्री आणि साक्षीदारांसमोरच व्हायला हवं. १९०८ पासून रोमचा नियम आणखी कडक झाला, मिश्र लग्न कॅथलिक पाद्र्यासमोर नसेल तर ते लग्नच धरायचं नाही. मुलांबद्दलचं वचन दोघांकडून घ्यायचे. आणि अशी लग्नं चर्चच्या आत, मिस्सेसह लावायची नाहीत असा नियम होता, म्हणून ती खोली. आयर्लंडमध्ये याच नियमाने किती घरं तुटली याची गणती नाही. म्हणजे १६ व्या शतकातलं भांडण तुमच्या मावशींपर्यंत एका छापील कागदातून आलं.

हे बदललंय. दुसरी व्हॅटिकन परिषद, १९६२ ते १९६५, त्यात चर्चने प्रोटेस्टंटांना विभक्त झालेले बांधव म्हटलं, मिस्सा लोकांच्या भाषेत आली, आम्ही मराठीत प्रार्थना म्हणायला लागलो. १९७० पासून मिश्र लग्नाचे नियम सैल झाले. त्याच वर्षी नोव्हेंबरात नागपूरला तुमची ६ चर्चं एकत्र येऊन सीएनआय झालं. १९९९ मध्ये ३१ ऑक्टोबरलाच, आउग्सबुर्गमध्येच, ल्यूथरन आणि कॅथलिकांनी ल्यूथरच्या मूळ मुद्द्यावर, म्हणजे माणूस देवाच्या कृपेने नीतिमान ठरतो यावर, एकत्र सही केली. ज्या मुद्द्यावर एवढं रक्त सांडलं तिथे आता बरंचसं एकमत आहे हे आईंना जरूर सांगा.

आज भाचीला काय करावं लागेल, तर तिला धर्म बदलावा लागत नाही. तिचा बाप्तिस्मा आम्ही मानतो, पुन्हा देत नाहीत. बिशपांची परवानगी लागते, ते काम पॅरिशचे, म्हणजे त्या भागातल्या चर्चचे, फादर करतात. वचन फक्त मुलाला द्यावं लागतं, की मुलांना कॅथलिक वाढवायला तो जमेल तेवढं करेल, भाचीला ते सांगितलं जातं पण तिची सही नसते त्यावर. मात्र मुलांचं काय हा प्रश्न दोघांनी आधीच बसून बोलावा, पुढे ढकलू नये, तिथेच पुढे ताण येतो.

आणि प्रभुभोजन. इथे मी गोड बोलणार नाही. ते आजही वेगळंच आहे. आमच्या श्रद्धेत ती भाकर खरोखर ख्रिस्ताचं शरीर होते, आणि ती घेणं म्हणजे त्या चर्चशी पूर्ण एकरूप असणं, म्हणून सहसा इतरांना देत नाहीत. तुमच्याकडे ते टेबल कुठल्याही बाप्तिस्मा झालेल्याला बहुतेक उघडं असतं, म्हणून आईंना ते अपमानासारखं लागलं, आणि लागणारच. हा एक तुकडा ५०० वर्षांनीही जुळलेला नाही. म्हणूनच अशा लग्नात सहसा मिस्सा ठेवत नाहीत, नुसती बायबलमधली वचनं, गाणी, शपथा, आशीर्वाद, म्हणजे अर्धी माणसं उठून पुढे जातायत आणि अर्धी बसून बघतायत असं होत नाही. फादरांशी बोलून तुमच्या पाळकांना वचन वाचायला आणि आशीर्वाद द्यायला बोलावता येतं, मी आमच्या नात्यातल्या एका लग्नात बघितलंय. आदल्या दिवशी आमच्याकडे उंबराचं पाणी आणायचा विधी असतो, वाजत गाजत, तिथे तर कुणालाच अडवत नाहीत, आईंना खुर्ची टाकून देऊ.

निवृत्त_मास्तर

तलावपाळी, तुमचं उत्तर मी जपून ठेवतोय. ताई, प्रभूच्या प्रार्थनेत शेवटची ओळ तुमच्याकडे जास्त असते, राज्य, सामर्थ्य आणि गौरव यांची. कॅथलिक लोक त्याआधी थांबतात. लग्नात ती प्रार्थना एकत्र म्हणायची असेल तर आधीच ठरवून घ्या, एका बाजूने आमेन आधी येतं आणि दुसरी बाजू मध्येच अडकते.

ऐरोलीची_लेक

दादा, सर, सगळं वाचून दाखवलं आईला, मोठ्याने, दोन वेळा. आउग्सबुर्गच्या सहीचं ऐकून म्हणाली, "मग आधी का नाही केली?" विणकरांना जाळल्याचं ऐकून तिने डोळे पुसले, आणि कॅम्पियनला फाशी दिल्याचं ऐकूनही. मुलाची आजी येत्या रविवारी उपासनेनंतर आमच्याकडे जेवायला येणार आहे, त्यांनी स्वतः फोन केला होता. आई अजून हो म्हणालेली नाही. पण आज सकाळी चहा घेताना तिने मला वही आणायला सांगितली आणि म्हणाली, तुझ्या त्या ठाण्याच्या माणसाला विचार, लग्न वेदीसमोरच लागेल ना, आणि त्या फादरांकडून तसं लिहून घे, आपण पण एकदा कागद घेऊ.

तलावपाळी

वेदीसमोरच. मी उद्या संध्याकाळी पॅरिश ऑफिसला जातोय, मुलाचं पॅरिश कुठलं ते मला मेसेज करा, कागदाचं मी विचारून ठेवतो.